पेपरच्या क्रीडा पुरस्काराला नाव पाठवताय? आधी निकालाचा कागद शोधा

चोपडा तालुक्यातल्या एका क्रीडाशिक्षकांनी विचारलं आहे: एका दैनिकाने वर्षातल्या उत्कृष्ट खेळाडू आणि प्रशिक्षकांच्या पुरस्कारासाठी प्रवेशिका मागवल्या आहेत. माझी एक विद्यार्थिनी दोनशे मीटरमध्ये विभागातून राज्याला गेली, एका मुलाने कुस्तीत राज्यस्तरावर पदक घेतलं. नावं पाठवण्यात अर्थ आहे का, की सगळं आधीच ठरलेलं असतं? प्रशिक्षकाच्या गटात स्वतःचं नाव स्वतःच पाठवलं तर बरं दिसेल का?

सर, खेळाचं पान लावण्यात माझी पंचवीसएक वर्षं गेली. बराच काळ जळगाव, मध्ये धुळे, थोडे दिवस नंदुरबार. पुरस्कारासाठी आलेल्या प्रवेशिकांचा गठ्ठा सोडायचं काम डेस्कवर कुणालाच नको असायचं, म्हणून ते एका वर्षी माझ्याकडे आलं आणि पुढे माझ्याच गळ्यात राहिलं. निवड समितीच्या बैठकीत मी बसायचो, पण मत द्यायला नाही, फायली उघडून द्यायला. त्यामुळे कुणाची गाडी कुठे अडते ते चांगलं ठाऊक आहे.

सगळं ठरलेलं नसतं. एखादं असतं, लपवत नाही. जीवनगौरव बहुतेक वेळा आधीच ठरतो, कारण त्या ज्येष्ठ माणसाची तब्येत, येण्याजाण्याची सोय आणि कार्यक्रमाची तारीख जुळवावी लागते. प्रायोजकाकडून एखादी शिफारसही येते. पण वर्षातला धावपटू, कुस्तीगीर, उदयोन्मुख खेळाडू, प्रशिक्षक ही नावं त्या टेबलावरच निघतात. अडचण वेगळीच आहे. टेबलाभोवती एखादा जुना खेळाडू असतो, कॉलेजचे क्रीडा संचालक असतात, संघटनेचे एक पदाधिकारी, आमचे संपादक. यांतल्या एकानेही तुमच्या मुलीला पळताना पाहिलेलं नसतं. एका फायलीला दोन-तीन मिनिटं मिळतात. तेवढ्यात जे कागदावर दिसलं ते झालं, जे दिसलं नाही ते झालंच नाही.

माझ्याच हातून झालेली चूक सांगतो. धडगावकडची एक मुलगी जिल्हास्तरावर पहिली आली. आमचा तालुका प्रतिनिधी एसटी स्टँडवरून फोनवर निकाल सांगत होता, मागे गाड्यांचा गोंगाट, रेंज जात-येत. पहिल्या दोघींचं आडनाव पावरा आणि शाळाही एकच. पान सोडायला दहा मिनिटं उरलेली. मी पहिलीचं नाव दुसरीला लावून मोकळा झालो. दुसऱ्या दिवशी कुणी बोललं नाही, मलाही कळलं नाही. वर्षअखेरीला तिची प्रवेशिका आली तेव्हा सोबत माझीच बातमी होती. झेरॉक्सवाल्याकडून लॅमिनेट करून आणलेली, तिच्या नावाखाली लाल पेनाची रेघ, आणि त्या नावापुढे छापलेलं ‘द्वितीय’. खाली प्रमाणपत्राची प्रत, त्यावर ‘प्रथम’. समितीतले एक जण म्हणाले, “प्रमाणपत्र काय, आजकाल कुणीही छापून आणतं. पेपर खोटं कशाला लिहील?” मी उठून सांगितलं की खोटं नाही, चुकीचं लिहिलंय आणि मीच लिहिलंय. पण माझ्या शब्दावर निकाल फिरवायचा कसा? स्पर्धेचा मूळ निकालतक्ता हवा होता. तो त्या संध्याकाळी मिळाला नाही आणि त्या वर्षी तिचं नाव राहून गेलं. तेव्हापासून मी फोनवर निकाल घेताना नावाच्या आधी छातीवरचा नंबर विचारतो.

म्हणून पहिलं काम: निकालतक्ता. शर्यत संपल्यावर पंचांच्या टेबलावर जो सही-शिक्क्याचा कागद तयार होतो, त्याचा मोबाइलवर फोटो तिथल्या तिथे काढा. प्रमाणपत्र नंतर मिळतंच, पण त्यावर बहुतेक वेळा क्रमांक असतो आणि वेळ नसते. ‘विभागात दुसरी’ यावरून समितीला काही कळत नाही, कारण त्या दिवशी किती मुली होत्या, ट्रॅक मातीचा होता की सिंथेटिक, हे त्यात येत नाही.

वेळ लिहिताना ती हातघड्याळाची की इलेक्ट्रॉनिक, हेही लिहा. यावरून मी भांडणं पाहिली आहेत. हातघड्याळ लावणारा माणूस बंदुकीचा धूर किंवा आवाज टिपून मग बटण दाबतो, तेवढ्यात खेळाडूच्या पदरात फुकटचे क्षण पडतात. शंभर आणि दोनशे मीटरच्या हाताने घेतलेल्या वेळेत ०.२४ सेकंद मिळवून मग इलेक्ट्रॉनिक वेळेशी तुलना करायची असा रिवाज आहे, चारशेला ०.१४. म्हणजे तुमच्या तालुक्याच्या मैदानावरची हातघड्याळाची २६.४ ही पुण्याच्या बालेवाडीतल्या इलेक्ट्रॉनिक २६.६० पेक्षा भारी दिसते, प्रत्यक्षात ती २६.६४ धरायची. हे समितीतल्या जुन्या धावपटूला माहीत असतं आणि संपादकांना नसतं. तुम्ही स्वतःहून ‘हातघड्याळ’ असं लिहिलंत तर त्या जुन्या माणसाचा तुमच्या फायलीवर विश्वास बसतो. मग बाकीचे आकडे तो खोदत बसत नाही.

कुस्तीचं वेगळं. वजनगट, फ्रीस्टाइल की ग्रीको-रोमन, माती की गादी, वयोगट आणि कोणाची स्पर्धा, एवढं हवंच. गावोगावच्या यात्रेतल्या कुस्त्या मात्र जपून लिहा. खान्देशात दंगलीला तोटा नाही, फेटा बांधून मिरवणूक निघते, इनाम मिळतं, पण तिथे जोड लावून कुस्ती होते, गट नसतो, तक्ता नसतो. समितीला ती मोजता येत नाही. एका पैलवानाच्या प्रवेशिकेत सतरा यात्रांची यादी होती आणि राज्य अजिंक्यपदाचं पदक शेवटच्या पानावर. तोवर चहा आला होता.

आपल्याकडचं मोठं उदाहरण डोळ्यांसमोर आहे. चाळीसगाव तालुक्यातल्या सायगावच्या विजय चौधरीने २०१४, २०१५ आणि २०१६ अशी लागोपाठ तीन वर्षं महाराष्ट्र केसरीची गदा घेतली. त्या दिवसांत डेस्कचा फोन थांबायचा नाही. रात्री अकराला कुणीतरी अहिराणीत विचारायचं, “पेपरमा नाव उनं का, भाऊ?” अशा खेळाडूच्या पुरस्काराला समितीची गरजच नसते. समिती लागते ती त्याच्याखालच्या तीस-चाळीस पोरांसाठी, आणि तिथेच कागद कमी पडतो.

खो-खो आणि कबड्डीवाले तर स्वतःहून मागे राहतात. ‘संघाच्या विजयात मोलाचा वाटा’ हे वाक्य मी इतक्या प्रवेशिकांमध्ये वाचलंय की आता दिसतच नाही. खो-खोत किती मिनिटं संरक्षण केलं आणि आक्रमणात किती गडी टिपले, हे प्रत्येक सामन्याच्या गुणपत्रकावर असतं. उपांत्य आणि अंतिम सामन्याचे दोन आकडे दिले तरी माणूस डोळ्यांपुढे उभा राहतो. जानेवारी २०२५ मध्ये दिल्लीत खो-खोचा पहिला विश्वचषक झाला, भारताच्या पुरुष आणि महिला दोन्ही संघांनी तो जिंकला, दोन्ही कर्णधार प्रतीक वाईकर आणि प्रियंका इंगळे महाराष्ट्राचे. त्यामुळे ‘ऑलिम्पिकमधला खेळ नाही’ म्हणून खो-खोची फाइल बाजूला सरकवणं आता समितीलाही तितकं सोपं राहिलेलं नाही.

आता प्रशिक्षकाचा गट. तुम्ही तो प्रश्न शेवटी, जरा संकोचून विचारलाय, पण बैठकीत सगळ्यात जास्त वेळ तोच खातो.

प्रवेशिकेत ‘प्रशिक्षकाचे नाव’ अशी एकच ओळ असते. मुलगा तळोद्याच्या आश्रमशाळेत सरांच्या शिट्टीवर पळायला लागतो, पुढे नाशिकच्या क्रीडा प्रबोधिनीत जातो, तिथून लष्करात किंवा रेल्वेत. पदक येतं तेव्हा त्या ओळीत शेवटच्याचं नाव लागतं. अविनाश साबळेचं घ्या. बीड जिल्ह्यातल्या मांडव्याचा मुलगा, २०२२ च्या बर्मिंगहॅम राष्ट्रकुल स्पर्धेत ३००० मीटर स्टीपलचेसमध्ये ८ मिनिटं ११.२० सेकंदांत रौप्य, सोनं हुकलं ते ०.०५ सेकंदाने. त्याचा प्रशिक्षक कोण? लष्करात त्याला घडवणारे अमरीश कुमार, मधल्या काळातले निकोलाय स्नेसारेव्ह, की अमेरिकेत सराव करून घेणारे स्कॉट सिमन्स? तिघांचाही हात आहे. एका ओळीत एकच मावतो.

याच्या उलट ओ. एम. नंबियार. त्यांनी पी. टी. उषाला शाळकरी वयात हेरलं आणि १९८४ च्या लॉस एंजलिस ऑलिम्पिकपर्यंत तेच तिच्या मागे उभे होते. उषाचं कांस्य एक शतांश सेकंदाने गेलं. पुढच्याच वर्षी, १९८५ ला, द्रोणाचार्य पुरस्कार सुरू झाला आणि पहिल्या मानकऱ्यांत नंबियार होते. कुस्तीतले आपले भालचंद्र भागवतही त्याच यादीत. पण पहिल्या दिवसापासून ऑलिम्पिकपर्यंत एकच गुरू, असं भाग्य फार थोड्या शिक्षकांना लाभतं. तुमच्यासारख्या शाळेतल्या सरांच्या हाती मूल चार-पाच वर्षं असतं आणि मग ते आपणच हाताला धरून मोठ्या केंद्रावर सोडून यायचं असतं. जो सोडत नाही तो मुलाचं नुकसान करतो, आणि जो सोडतो त्याचं नाव त्या ओळीतून जातं.

आमच्याकडे मी बरीच वर्षं भांडून ‘प्रथम मार्गदर्शक’ असा वेगळा उल्लेख प्रमाणपत्रावर घ्यायला लावला. रोख रक्कम नाही, फक्त नाव. पहिल्याच वर्षी एक निवृत्त शिक्षक मंचावर आले आणि छायाचित्रकाराला म्हणाले, जरा थांब, चष्मा काढतो. बाकी काही बोलले नाहीत.

तर सर, स्वतःचं नाव स्वतः पाठवा, त्यात वावगं काही नाही. निम्म्याहून जास्त प्रवेशिका तशाच येतात. फक्त तीन-चार खेळाडूंची पत्रं जोडा, त्यांच्याच अक्षरात. कोणत्या इयत्तेपासून कोणत्या वर्षापर्यंत तुमच्याकडे होतो, सराव कुठे व्हायचा, पुढे कुणाकडे गेलो, एवढंच. मुख्याध्यापकांच्या लेटरहेडवरचं ‘अत्यंत कर्तव्यदक्ष’ छापाचं पत्र समिती वाचत नाही. एका सरांनी सरावाची हजेरीवहीच आणली होती. पहाटे साडेपाचची वेळ, फक्कीने मैदान आखायची पाळी कुणाची, कुणाला ताप, कोण कापूस वेचायला गेलं म्हणून गैरहजर. ती वही टेबलावर हातोहात फिरली. त्यांच्या खेळाडूंची पदकं इतरांपेक्षा कमी होती, तरी मत त्यांच्याकडे झुकलं.

पेपरने पुरस्कार द्यायचे हे खूळ आपलं नाही. स्वीडनमधलं ‘स्वेन्स्का डागब्लाडेट’ १९२५ पासून वर्षातल्या सर्वांत मोठ्या क्रीडा पराक्रमाला सुवर्णपदक देतं, पहिलं अडथळ्यांच्या शर्यतीतल्या स्टेन पेटरसनला मिळालं. तिथे परीक्षक मंडळ ठरवतं. पोलंडच्या ‘प्शेग्लाँड स्पोर्तोवी’ने १९२६ ला वाचकांचा कौल घ्यायला सुरुवात केली. पहिला मान वाट्साव कुहार याला मिळाला. फुटबॉल, आइस हॉकी, ॲथलेटिक्स, स्केटिंग, सगळ्यात असलेला माणूस. कॅनडात ‘टोरंटो स्टार’चा पुरस्कार १९३६ पासून आहे, तो पत्रकार मिळून ठरवतात. त्याला पेपरच्याच जुन्या क्रीडा संपादकाचं, लू मार्श यांचं नाव होतं. या संपादकांच्या लिखाणातला वंशद्वेष लोकांनी दाखवून दिला आणि २०२२ मध्ये नाव बदलून ‘नॉर्दर्न स्टार’ केलं. गंमत म्हणजे १९३६ चा पहिला मानकरी फिल एडवर्ड्स हा कृष्णवर्णीय धावपटू होता. आपल्याकडे ‘द हिंदू’ समूहाच्या ‘स्पोर्टस्टार’ने २०१९ पासून एसेस पुरस्कार सुरू केले. त्यात काही गट परीक्षकांचे आणि काही लोकांच्या पसंतीचे आहेत.

वाचकांचा कौल की परीक्षक, यावर माझं मत पक्कं आहे आणि त्याला कारण आमचाच एक प्रयोग. एका वर्षी आम्ही कूपन छापलं, कापा आणि पाठवा. वितरण विभाग खूश, अंक वाढले. मतमोजणीच्या दिवशी एका गावातून कूपनांची दोन पोती आली, सगळी एकाच अक्षरात. खेळाडूच्या मामांनी एजंटकडून गठ्ठेच्या गठ्ठे उचलले होते. पोरगा खरोखर चांगला होता, कूपनांशिवायही वरच्या तिघांत आला असता, पण पुढचं वर्षभर त्याला चिडवलं गेलं. आता कूपनाच्या जागी मोबाइलवरची लिंक आली, मामा तेच. शिवाय लोकांना मत द्यायला सांगितलं की क्रिकेट जिंकतं. तिरंदाजी करणाऱ्या नंदुरबारच्या मुलीला व्हॉट्सॲपचे किती ग्रुप मत देणार? तुमच्या पेपरने लोकमताचा गट ठेवला असेल तर तो सोडून द्या, परीक्षकांच्याच गटात नाव द्या.

एक सावधगिरी. अर्ज न करता ‘आपली राज्यस्तरीय पुरस्कारासाठी निवड झाली आहे’ असं पत्र आलं, आणि खाली नोंदणी शुल्क, सन्मानचिन्हाचा खर्च किंवा अर्ध्या पानाची जाहिरात मागितली, तर तो कागद चुलीत घाला. असे पुरस्कार विकत मिळतात आणि समितीतल्या लोकांना त्यांची नावं पाठ असतात. तुमच्या प्रवेशिकेत त्यातला एक जरी दिसला तरी खऱ्या पदकांकडे संशयाने पाहिलं जातं. बरा पेपर खेळाडूकडून पैसे मागत नाही. जाहिरात मागायचीच झाली तर तो प्रायोजकाकडे जातो.

आता यातून मिळतं काय? पालकांना नीट सांगा, कारण इथे फसगत होते. पेपरचा पुरस्कार सरकारी नोकरीतल्या पाच टक्के खेळाडू आरक्षणात धरला जात नाही, दहावी-बारावीच्या सवलतीच्या गुणांतही नाही. तिथे अधिकृत स्पर्धेचं प्रमाणपत्रच लागतं आणि आरक्षणासाठी आपल्या तिन्ही जिल्ह्यांचं ते नाशिकला विभागीय उपसंचालकांकडे पडताळणीला जातं. शिवछत्रपती पुरस्कार शासनाचा, त्याचे निकष वेगळे. अर्जुन पुरस्कारासाठी मागच्या चार वर्षांतलं सातत्य पाहतात. पेपर एका वर्षापुरतं पाहतो, म्हणून नव्या मुलाला इथे दार लवकर उघडतं.

पण उपयोग होतो, मी पाहिलाय. रावेरकडच्या एका केळीवाल्या शेतकऱ्याने मुलीला नाशिकला पाठवायला साफ नकार दिला होता. पुरस्काराच्या दुसऱ्या दिवशी त्याच्या व्यापाऱ्याने माल भरताना विचारलं, “ती फोटोतली तुमचीच ना?” एवढ्यावर तो विरघळला असं म्हणणार नाही, पण महिन्याभराने मुलगी नाशिकला होती. कुणाला बूट मिळतात, कुणाला दूध-बदामाचा खर्च उचलणारा एखादा दुकानदार भेटतो. स्वप्निल कुसाळेने २०२४ ला पॅरिसमध्ये ५० मीटर रायफल थ्री पोझिशनमध्ये कांस्य घेतलं आणि सगळ्या देशाला मध्य रेल्वेचा तिकीट तपासनीस माहीत झाला. त्याच्या प्रशिक्षक दीपाली देशपांडे यांना त्या वर्षीचा द्रोणाचार्य मिळाला. तोवर रायफलचा, गोळ्यांचा, जॅकेटचा खर्च कुणी ना कुणी केलेलाच असतो, आणि खर्च करणाऱ्याला दाखवायला काहीतरी लागतं.

प्रवेशिकेत शेवटी ‘खेळाडूविषयी थोडक्यात’ असा रकाना असतो. तिथे ‘अत्यंत गरीब परिस्थितीतून जिद्दीने’ असं लिहू नका. सगळेच लिहितात आणि ते खरंही असतं, म्हणूनच त्याने फरक पडत नाही. असं लिहा: शाळेच्या मैदानावर पूर्ण ट्रॅक बसत नाही, म्हणून दोनशे मीटरचा वळणाचा सराव गावाबाहेरच्या शेतात आखून केला; मागच्या वर्षीची वेळ अमुक, या वर्षीची अमुक, दोन्ही हातघड्याळाच्या; विभागात दुसरी, पहिलीपेक्षा इतकी मागे. आकडे तुमचे, खरे. नाव सगळीकडे एकाच पद्धतीने लिहा, आधार कार्डावर असेल तसं. बातमीत चूक छापून आली असेल तर दोन-तीन दिवसांत कार्यालयात जाऊन शुद्धिपत्र मागा आणि ते कात्रण मूळ कात्रणाला टाचून ठेवा. लॅमिनेट करू नका, नंतर टाचणी लागत नाही.

आणि मुदतीच्या दिवशी संध्याकाळी नेऊन देऊ नका. सहानंतर डेस्कवर पानांची धावपळ सुरू होते, लिफाफा कुणीतरी कुणाच्या तरी ट्रेमध्ये ठेवतो. दुपारी बारा-एकच्या सुमारास जा, खेळाचं पान कोण पाहतं ते विचारा, त्याच्याच हातात द्या आणि तुमच्या प्रतीवर तारखेसह सही घ्या.